हजेरीपटावरची वर्षे

महाराष्ट्रातल्या कोणत्याही जिल्ह्यात बांधकाम खात्याच्या रस्त्यावर, पाटबंधारे खात्याच्या कालव्यावर, वनखात्याच्या रोपवाटिकेत वीस-पंचवीस वर्षे रोजंदारीवर राबलेली माणसे भेटतात. त्यातल्या काहींना उशिरा का होईना कायम केले गेले. आदेश हातात पडला तेव्हा पुष्कळांची पन्नाशी जवळ आली होती. मग निवृत्तीची वेळ येते, कार्यालयातला लिपिक पेन्शन केस तयार करायला घेतो आणि सेवापुस्तक उघडतो. सेवापुस्तकाचे पहिले पान कायम झाल्याच्या तारखेपासून सुरू होते. त्याआधीची सगळी वर्षे हजेरीपटावर असतात, आणि पेन्शनचा हिशेब सेवापुस्तकावरून होतो.

ती आधीची वर्षे पेन्शनसाठी धरायची की नाही, हा प्रश्न वरवर पाहता आस्थापना शाखेचा आणि लेखा शाखेचा वाटतो. मला तो सरकार आणि माणूस यांच्यातल्या व्यवहाराचा प्रश्न वाटतो. माझे म्हणणे सरळ आहे. सरकारने स्वतःच्या देखरेखीखाली, स्वतःच्या कामावर, सलग राबवून घेतलेल्या माणसाला पुढे सरकारनेच कायम केले असेल, तर त्याचे आधीचे प्रत्येक वर्ष पेन्शनसाठी धरले पाहिजे. अर्धे नाही, पूर्ण. पगार कोणत्या लेखाशीर्षातून निघत होता यावर म्हातारपणाचा आधार ठरता कामा नये.

आधी नियम काय म्हणतो ते पाहू. महाराष्ट्र नागरी सेवा (निवृत्तिवेतन) नियम, १९८२ यातला नियम ३० सांगतो की ज्या पदावर माणूस पहिल्यांदा नेमला गेला, मग ती नेमणूक कायम असो, स्थानापन्न असो वा अस्थायी, त्या पदाचा कार्यभार घेतल्यापासून अर्हताकारी सेवा, म्हणजे पेन्शनसाठी धरली जाणारी सेवा, सुरू होते. इथपर्यंत नियम उदार आहे. मग येतो नियम ५७. ज्यांचा पूर्ण वेळ सरकारने घेतलेला नाही, ज्यांना वेतनाऐवजी मानधन मिळते, ज्यांचे पैसे आकस्मिक खर्चातून दिले जातात, त्यांची सेवा निवृत्तिवेतनार्ह नाही असे तो म्हणतो. त्याखालच्या टीपेत एक सवलत आहे: आकस्मिक खर्चातून वेतन घेणाऱ्याचे पद पुढे रूपांतरित होऊन तो नियमित आस्थापनेवर आला, तर त्याच्या आधीच्या सलग सेवेपैकी निम्मी सेवा धरावी. केंद्र सरकारनेही १९६८ च्या आदेशाने साधारण हीच निम्म्याची वाट धरली होती.

निम्मी का, याचे समाधानकारक कारण मला कुठे सापडत नाही. रोजंदारीवरचा मजूर अर्धा दिवस काम करत नव्हता. त्याच रस्त्यावर, त्याच मुकादमाच्या हाताखाली, कायम मजुराच्या खांद्याला खांदा लावून तो पूर्ण पाळी भरत होता. त्या काळात त्याला वार्षिक वेतनवाढ नव्हती, भरपगारी रजा नव्हती, आजारपणात हजेरी पडली नाही तर त्या दिवसाची मजुरी गेली. म्हणजे त्या वर्षांत सरकारचे पैसे आधीच वाचले होते. पेन्शनच्या वेळी तीच वर्षे अर्धी करणे म्हणजे एकाच माणसाला दोनदा कापणे.

यावर लेखा शाखेतला एक जाणकार माणूस जे उत्तर देईल ते हलके नाही. तो म्हणेल, पेन्शन शेवटच्या वेतनावर ठरते. ज्या वर्षी या माणसाला दिवसाला काही रुपये मिळत होते ते वर्षही तुम्ही निवृत्तीच्या वेळच्या भरघोस वेतनाने मोजायला सांगता. मग ही उधळपट्टीच झाली की नाही? युक्तिवाद बिनतोड वाटतो, पण तो कोणालाही लावता येतो. कनिष्ठ लिपिक म्हणून लागलेला माणूस राजपत्रित अधिकारी होऊन निवृत्त होतो, तेव्हा त्याची लिपिकाची वर्षेही अधिकाऱ्याच्या वेतनाने मोजली जातात. त्याला कोणी विचारत नाही की तुझी सुरुवातीची दहा वर्षे अर्धी का धरू नयेत. पेन्शनचे सूत्रच तसे आहे: संपूर्ण सेवेची किंमत शेवटच्या वेतनाने करायची. हे सूत्र अधिकाऱ्याला लागू आणि मजुराला लागू नाही, असा भेद करायचा असेल तर त्याचे कारण हिशेबात सापडणार नाही.

या भेदाचा परिणाम किती टोकाचा होतो ते एका कल्पित उदाहरणाने दाखवतो. पंचविसाव्या वर्षी एक माणूस रोजंदारीवर लागला. साडेएक्कावन्नाव्या वर्षी कायम झाला. गट ड मध्ये असल्याने साठाव्या वर्षी निवृत्त झाला. कायम सेवा साडेआठ वर्षे. पेन्शन बसायला किमान दहा वर्षे अर्हताकारी सेवा लागते. याला पेन्शन नाही. दर पूर्ण सहामाहीला अर्ध्या महिन्याच्या वेतनाच्या हिशेबाने एकरकमी सेवा उपदान मिळेल आणि फाइल बंद होईल. आता आधीची साडेसव्वीस वर्षे निम्मी धरा: तेरा वर्षे तीन महिने मिळून त्याची सेवा एकवीस वर्षे नऊ महिने होते, आणि त्याला आयुष्यभराचे निवृत्तिवेतन मिळते. पूर्ण धरली तर पस्तीस वर्षे. माणूस एकच, श्रम तेच. फक्त टीपेतली ‘पदाचे रूपांतर’ ही अट पुरी झाली की नाही, एवढ्यावर काहीच नाही आणि आयुष्यभराचा आधार यांतला फरक ठरतो. आणि ही अट पुरी करणे मजुराच्या हातात कधीच नव्हते. पद रूपांतरित झाले की नवे पद निर्माण करून त्यावर त्याला घेतले, हे मंत्रालयातल्या टिपणीत ठरले. त्याला दोन्हींतला फरक माहीत असण्याचेही कारण नव्हते.

निवृत्तिवेतनाच्या नियमांचा एक कोपरा मला फार अस्वस्थ करतो. केंद्राच्या निवृत्तिवेतन नियमांप्रमाणे नोकरीत असताना कर्मचारी वारला तर दहा वर्षांची अट कुटुंब निवृत्तिवेतनाच्या आड येत नाही. पण निवृत्तीनंतर वारला, तर तो स्वतः पेन्शन घेत असेल तरच पत्नीला मिळते. वरच्या उदाहरणातला मजूर एकोणसाठाव्या वर्षी कामावर असताना वारला असता तर घरी पेन्शन सुरू झाली असती. तो साठी पार करून धडधाकट घरी आला, म्हणून त्याच्या पत्नीच्या वाट्याला पुढे काही येत नाही. आधीची वर्षे न मोजण्याची किंमत अखेर कोण भरते, तर जिचे नाव कुठल्याही हजेरीपटावर नव्हते ती भरते.

‘पेन्शन हे बक्षीस नाही’ हे आता सगळेच म्हणतात, पण ते कायद्याने ठरायला बराच काळ जावा लागला. इंग्रजी अमदानीतला १८७१ चा पेन्शन कायदा पेन्शनकडे सरकारच्या मर्जीचा विषय म्हणून पाहत होता. दिवाणी न्यायालयाची वाटच त्याने जवळपास बंद केली होती. १९७१ मध्ये देवकीनंदन प्रसाद खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने पेन्शन हा हक्क असल्याचे सांगितले, आणि १७ डिसेंबर १९८२ रोजी नकारा खटल्यात पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने ते ठाम केले. सरन्यायाधीश यशवंतराव चंद्रचूड त्या पीठाचे प्रमुख होते. निवृत्तिवेतन हे पूर्वी केलेल्या सेवेचा मोबदला आहे आणि सामाजिक-आर्थिक न्यायाचे साधन आहे, असा त्या निकालाचा गाभा. पेन्शनर संघटना आजही १७ डिसेंबर हा दिवस पाळतात. या निकालाला चार दशके झाली. पेन्शन हा मागे ठेवलेला मोबदला असेल, तर तो कोणत्या वर्षांच्या कामातून मागे ठेवला गेला हे पाहावे लागेल, आणि मग कामाची वर्षे वगळता येणार नाहीत. तत्त्व मान्य करून मोजणीत ते नाकारायचे, हे गेली कित्येक वर्षे चालले आहे.

२ सप्टेंबर २०१९ रोजी प्रेमसिंह विरुद्ध उत्तर प्रदेश या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाच्या तीन न्यायमूर्तींपुढे हाच विषय आला. अपीलकर्ता १९६५ मध्ये कार्यव्ययी आस्थापनेवर, म्हणजे एखाद्या कामाच्या खर्चातूनच ज्यांचा पगार निघतो अशा नोकरवर्गात, वेल्डर म्हणून लागला. त्याच्या बदल्याही झाल्या. २००२ मध्ये तो नियमित झाला आणि २००७ मध्ये निवृत्त. सदतीस वर्षांची सेवा एका बाजूला, पाच वर्षांची दुसऱ्या बाजूला, आणि सरकार म्हणत होते की पाचच धरू. न्यायालयाने कार्यव्ययी सेवा धरण्याचा आदेश दिला आणि ती वगळणारा नियम मोडीत काढला. बदल्या होतात, काम बारमाही चालते, तर ते ‘तात्पुरते काम’ कसे, हा त्यातला साधा विचार होता.

त्यानंतर जे घडले ते महाराष्ट्राने नीट पाहून ठेवण्यासारखे आहे. उत्तर प्रदेशाने २०२० मध्ये अध्यादेश आणि २०२१ मध्ये कायदा करून अर्हताकारी सेवेची व्याख्याच बदलली, आणि तीही १ एप्रिल १९६१ पासून लागू असल्याचे जाहीर केले. हिमाचल प्रदेशातही तसेच झाले. २०२३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने कंत्राटी सेवेनंतर नियमित झालेल्यांची कंत्राटाची वर्षे पेन्शनसाठी धरायला सांगितली, आणि २०२४ मध्ये तिथल्या विधानसभेने मागच्या तारखेपासून लागू होणारे विधेयक संमत केले. कायदे करण्याचा अधिकार विधिमंडळाला आहे हे मी मान्य करतो. पण साठ वर्षांपूर्वी एखाद्या तरुणाने केलेल्या कामाचा अर्थ तो म्हातारा झाल्यावर बदलायचा, हा अधिकाराचा वापर मला पटत नाही. ज्याच्याशी व्यवहार झाला तो पक्ष त्या वेळी बोलू शकत नव्हता, आता त्याच्याकडे नव्याने काही कमावण्याचे वय राहिलेले नाही.

एकीकडे ही कठोरता, आणि दुसरीकडे सरकारे अन्य ठिकाणी पूर्वीची सेवा किती सहज जोडून घेतात ते पाहा. ३१ मार्च १९८२ च्या केंद्र सरकारच्या आदेशाने केंद्र आणि राज्ये यांच्यातली सेवा एकमेकांत धरली जाऊ लागली, तात्पुरती सेवासुद्धा. आणि जिथून माणूस निवृत्त होईल त्या सरकारने पूर्ण भार सोसावा असे ठरले. २९ ऑगस्ट १९८४ च्या आदेशाने केंद्राच्या स्वायत्त संस्थांनाही हीच सोय मिळाली. योग्य मार्गाने अर्ज करून तांत्रिक राजीनामा दिला की मागची सेवा जात नाही. माजी सैनिक नागरी नोकरीत आला तर लष्करी पेन्शन सोडून किंवा घेतलेले उपदान परत करून तो सैन्यातली वर्षे पुढच्या पेन्शनला जोडू शकतो. ही सगळी व्यवस्था शहाणी आहे. यात एकच दक्षता आहे: एका सेवेचा लाभ दोनदा घ्यायचा नाही. रोजंदारी मजुराने तर आधीच्या वर्षांचा लाभ एकदाही घेतलेला नाही.

याहून जुने दाखले आहेत. १ नोव्हेंबर १९५६ रोजी राज्य पुनर्रचना झाली. मराठवाड्यातला तलाठी, शिक्षक, कारकून हैदराबाद राज्याचा नोकर म्हणून झोपला आणि मुंबई राज्याचा नोकर म्हणून उठला. विदर्भातला मध्य प्रदेशातून आला. पुनर्रचना कायद्याच्या कलम ११५ ने त्यांच्या सेवाशर्तींना संरक्षण दिले. केंद्राच्या पूर्वसंमतीशिवाय त्या त्यांच्या तोट्याच्या करता येणार नाहीत असे ठरले. गोवा १९६१ मध्ये मुक्त झाला, तेव्हा पोर्तुगीज प्रशासनात नोकरी करणाऱ्यांना सामावून घेताना त्यांच्या सेवाशर्ती ठरवण्यासाठी संसदेने १९६५ मध्ये स्वतंत्र कायदा केला. परक्या सत्तेच्या चाकरीत गेलेल्या वर्षांचे पुढे काय करायचे, यावर एका नव्या देशाच्या संसदेने वेळ घालवला, कारण माणसांचे आयुष्य राजवटींपेक्षा सलग असते हे त्या पिढीला कळत होते. राज्याच्या सीमा बदलल्या तरी तुटली नाही ती सेवा, त्याच खात्यात, त्याच उपविभागात, रोजंदारीच्या पटावरून कायम पटावर जाताना कशी तुटते?

ती तुटावी यासाठी पद्धतशीर प्रयत्नही झाले, हे लपवण्यात अर्थ नाही. एकोणतीस दिवसांच्या ऑर्डरी, अकरा महिन्यांचे करार, मध्ये एक दिवसाचा खंड, पुन्हा नवी ऑर्डर. हा तांत्रिक खंड कामाच्या गरजेतून आलेला नव्हता. सेवा सलग दिसू नये म्हणून तो दिला जात होता. केंद्राच्या १९७२ च्या निवृत्तिवेतन नियमांतला नियम २८ इथे आठवावासा वाटतो. सेवापुस्तकात उलट नोंद नसेल तर दोन सेवांमधला खंड आपोआप क्षमापित समजावा, असे तो सांगत होता. कायम नोकराच्या खंडाकडे इतक्या समजुतीने पाहणारी व्यवस्था स्वतःच निर्माण केलेल्या खंडाचा दंड मात्र रोजंदारीवरच्याला भरायला लावते.

आता १ नोव्हेंबर २००५ या तारखेकडे येऊ. महाराष्ट्राने या दिवसापासून नव्या नेमणुकांना जुनी पेन्शन बंद केली आणि परिभाषित अंशदान योजना आणली. ती पुढे राष्ट्रीय निवृत्तिवेतन प्रणालीत गेली. केंद्राने हेच १ जानेवारी २००४ पासून केले होते. त्यामुळे १९९० पासून रोजंदारीवर असलेला आणि २००७ मध्ये कायम झालेला माणूस कागदावर ‘नवीन नेमणूक’ ठरला. सतरा वर्षे ज्याला साहेबांपासून चौकीदारापर्यंत सगळे ओळखत होते तो नवा. नव्या योजनेत पेन्शन साठलेल्या रकमेवर अवलंबून असते. रक्कम साठायला वर्षे लागतात, आणि याची कमाईची वर्षे बहुतेक संपलेली होती. निवृत्तीला किमान चाळीस टक्के रक्कम वार्षिकीत गुंतवून महिन्याला जे हातात पडते, ते अशा माणसाच्या बाबतीत औषधालाही पुरत नाही.

जुनी पेन्शन सर्वांना परत द्यावी की नाही, हा मोठा आणि वेगळा वाद आहे. मार्च २०२३ च्या संपात ‘एकच मिशन, जुनी पेन्शन’ ही घोषणा गावोगाव दुमदुमली, पुढे सरकारने समिती नेमली आणि २०२४ मध्ये केंद्राची एकीकृत निवृत्तिवेतन योजनाही आली. त्या वादात राज्याच्या तिजोरीची काळजी करणाऱ्यांच्या म्हणण्यात मला तथ्य वाटते. रिझर्व्ह बँकेनेही राज्यांना सावध केले आहे. पण दोन प्रश्न एकाच पोत्यात भरू नयेत. सर्वांना जुनी पेन्शन देणे म्हणजे आज पंचविशीत असलेल्या, उद्या लागणाऱ्या प्रत्येकाचा भार पुढच्या पिढ्यांवर टाकणे. २००५ च्या आधीपासून सरकारी कामावर असलेल्या आणि नंतर कायम झालेल्यांचा गट मात्र बंद गट आहे. त्यात नवा माणूस येऊ शकत नाही. दरवर्षी तो लहान होतो, आणि का लहान होतो हे सांगायला नको.

खुद्द सरकारनेच या तारखेच्या भिंतीत एक दार पाडले आहे, आणि माझ्या मते या चर्चेतला तोच सर्वांत महत्त्वाचा मुद्दा आहे. मार्च २०२३ मध्ये केंद्राने ठरवले की योजना बदलण्याच्या अधिसूचनेआधी, म्हणजे २२ डिसेंबर २००३ पूर्वी, ज्या पदांची जाहिरात निघाली होती त्यांवर नंतर रुजू झालेल्यांना जुन्या योजनेचा एकदाच विकल्प द्यावा. महाराष्ट्राने त्याच धर्तीवर जानेवारी २०२४ मध्ये मंत्रिमंडळात निर्णय घेतला: १ नोव्हेंबर २००५ पूर्वीची जाहिरात, नंतरची नेमणूक, तरी जुन्या पेन्शनचा विकल्प. सुमारे २६ हजार कर्मचाऱ्यांना त्याचा लाभ होईल असे तेव्हा सांगितले गेले. निर्णय न्याय्यच होता. भरती प्रक्रियेला सरकारमुळे उशीर झाला, त्याचा फटका उमेदवाराला का? पण मग पुढचा प्रश्न टाळता येत नाही. त्या दिवसाआधी वर्तमानपत्रात नुसती जाहिरात आली होती म्हणून एकाला जुन्या योजनेत घेता येते. त्या दिवसाआधी पंधरा वर्षे जो प्रत्यक्ष काम करत होता, ज्याला कायम करायला सरकारनेच उशीर केला, त्याला कोणत्या न्यायाने बाहेर ठेवता? उशीर दोन्हीकडे सरकारचा आहे. रुजू होण्याची तारीख अंतिम नाही हे सरकारने एकदा मान्य केल्यावर तीच तारीख दुसऱ्यापुढे अंतिम म्हणून ठेवता येत नाही.

शाळांमध्ये हाच गुंता आणखी चमत्कारिक झाला. १ नोव्हेंबर २००५ पूर्वी नेमलेले पण त्या दिवशी ज्यांच्या शाळेला शंभर टक्के अनुदान नव्हते असे शिक्षक आहेत; तीन वर्षे ठरावीक मानधनावर शिकवून मग शिक्षक म्हणून नियमित झालेले शिक्षणसेवक आहेत. फळ्यावर लिहिणारा हात तोच होता. अनुदानाचा टप्पा कोणत्या वर्षी मिळाला हे शिक्षकाने ठरवले नव्हते. पण इथे एक अडचण मला मान्य करावी लागते: विनाअनुदानित शाळेत मालक संस्था होती, सरकार नव्हते. तिथली वर्षे सरकारी रोजंदारीइतक्या ठामपणे सरकारच्या खात्यावर टाकता येत नाहीत. अंशतः अनुदान मिळत होते तिथपासून मात्र सरकारचा संबंध सुरू झाला, आणि तिथपासूनची वर्षे धरावीत असे मला वाटते.

रेषा कुठेतरी आखावी लागेल, हे उघडच आहे. परवानगीशिवाय राजीनामा देऊन गेलेल्याची, बडतर्फ झालेल्याची आधीची सेवा नियमांप्रमाणे जाते, आणि त्यात बदल करावा असे मी म्हणत नाही. आरोग्य उपकेंद्रातल्या अंशकालीन स्त्री परिचरसारख्या, ज्यांचा पूर्ण वेळ सरकारने कागदोपत्री घेतला नाही, त्यांची वर्षे वेळेच्या प्रमाणात धरता येतील. निम्म्याचा नियम खरे तर त्यांना शोभतो. मानधनाच्या नावाखाली पूर्ण काम करून घेण्याबद्दल मात्र न्यायालयाची दृष्टी बदलते आहे. एप्रिल २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने अंगणवाडी सेविका आणि मदतनीस यांना उपदान कायद्याचा लाभ मिळेल असे सांगितले, तेव्हा ‘मानधन म्हणजे वेतन नव्हे’ या ढालीला मोठे भोक पडले.

सर्वांत गंभीर आक्षेप स्पर्धा परीक्षा देणाऱ्या मुलांकडून येतो. पुण्यात सदाशिव पेठेत कॉट बेसिसवर राहून पाच-सहा वर्षे अभ्यास करणारा मुलगा विचारतो, मागच्या दाराने लागलेल्यांना कायमही करायचे आणि वर पेन्शनही द्यायची, मग आम्ही परीक्षा कशाला देतो? १० एप्रिल २००६ च्या उमादेवी निकालात घटनापीठाने याच चिंतेतून नियमबाह्य नेमणुका कायम करण्याला पायबंद घातला. तो मुलगा चुकीचे बोलत नाही. फक्त त्याचा राग भरती कशी व्हावी या प्रश्नावरचा आहे. माणसाला कायम करायचे की नाही हे ठरवताना उमादेवी निकाल पाहावा, कडक पाहावा. एकदा सरकारने तपासून, निवड समितीपुढे नेऊन त्याला कायम केले की दाराचा प्रश्न संपला. आधीची वर्षे मोजल्याने कोणाची जागा जात नाही, कोणाची ज्येष्ठता खाली येत नाही. उलट, आधीची वर्षे फुकट जात असतील तर प्रत्येक खात्याला रोजंदारी आणि कंत्राट स्वस्त पडते, आणि त्या मुलाच्या जागेची जाहिरात निघतच नाही. तात्पुरत्या सेवेची पूर्ण किंमत मोजावी लागली, तरच खाती पदे वेळेवर भरतील. या प्रश्नात त्या मुलाचे आणि त्या मजुराचे हित एकाच बाजूला आहे.

तत्त्व मान्य झाले तरी काम पुराव्याशी अडते. रोजगार हमी योजनेवर हजेरी सहायक म्हणून ज्यांनी दुष्काळी कामांवर हजारो मजुरांची हजेरी मांडली, त्यांना पुढे शासनसेवेत सामावून घेतले गेले. त्यांचीही आधीची वर्षे वर्षानुवर्षे वादात राहिली. दुसऱ्यांचे दिवस मोजणाऱ्यांच्या बाबतीत हे व्हावे याचे मला विशेष दुःख आहे. सामान्यतः असे होते: कर्मचारी अर्ज करतो, कार्यालय म्हणते जुने हजेरीपट सापडत नाहीत, प्रस्ताव मुंबईच्या किंवा नागपूरच्या महालेखापालांकडे गेला तर त्रुटी लागून परत येतो, माणूस महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात (मॅट) जातो, तिथून उच्च न्यायालयात. त्याच्या शेजारी बसून त्याच हजेरीपटावर सही केलेल्या दुसऱ्याने पुन्हा पहिल्यापासून तोच प्रवास करायचा. हजेरीपट जपणे हे सरकारचे काम होते. तो हरवला तर त्याचा तोटा सरकारने सोसावा. उपविभागाचे मजुरी वाटपाचे अभिलेख, भविष्य निर्वाह निधीची कपात, ओळखपत्र, ज्येष्ठता यादी, कायम करतानाच्या टिपणीत नमूद केलेली पहिल्या दिवसाची तारीख, यांपैकी काहीही मिळाले तर ते पुरेसे धरावे. शेवटचा कागद तर बहुतेक ठिकाणी असतोच. कायम करताना ‘अमुक वर्षापासून सलग काम’ ही पात्रता सरकारने स्वतः तपासलेली असते. त्या दिवशी खरी मानलेली वर्षे निवृत्तीच्या दिवशी संशयास्पद कशी होतात?

म्हणून सरकारने एक सर्वसाधारण शासन निर्णय काढावा. नियम ५७ च्या टीपेतली ‘पदाच्या रूपांतराची’ अट काढावी आणि निम्म्याच्या जागी पूर्ण सेवा लिहावी. १ नोव्हेंबर २००५ पूर्वी सलग कामावर असलेल्यांना, नेमणूक नंतरची असली तरी, जाहिरातवाल्या कर्मचाऱ्यांप्रमाणेच विकल्प द्यावा. आणि अर्हताकारी सेवेची पडताळणी निवृत्तीच्या तोंडावर न करता कायम केल्याच्या वर्षातच पूर्ण करावी. केंद्राच्या २०२१ च्या नियमांत अठरा वर्षांच्या सेवेनंतर आणि निवृत्तीआधी पाच वर्षे अशी पडताळणीची सोय आहे, पण पन्नाशीत कायम झालेल्याला अठरा वर्षे मिळतच नाहीत.

हे सगळे आज तातडीचे आहे, कारण पुढची पिढी याहून वाईट जागी उभी आहे. ६ सप्टेंबर २०२३ च्या शासन निर्णयाने नऊ खासगी संस्थांमार्फत बाह्यस्रोताने मनुष्यबळ घेण्याची वाट मोकळी झाली होती. तरुणांनी ओरड केल्यावर ऑक्टोबर २०२३ मध्ये तो निर्णय रद्द झाला, पण कार्यालयांमधून ठेकेदारामार्फत माणसे घेणे थांबलेले नाही. जुन्या मजुराचे नाव निदान सरकारच्या हजेरीपटावर होते. रुग्णालयात, तहसीलमध्ये, पाणीपुरवठा केंद्रावर आज जी मुले संस्थेच्या नावाने काम करतात, त्यांची हजेरी ठेकेदाराच्या संगणकात असते, आणि ठेका बदलला की ती नोंद त्याच्याबरोबर जाते. उद्या त्यांच्यातल्या काहींना सरकारने सामावून घेतले, तर मोजायला आधीचे काहीच उरलेले नसेल. प्रत्येक कार्यालयाने आपल्या छताखाली काम करणाऱ्या प्रत्येकाची, पगार कोणीही देवो, स्वतःची दैनंदिन नोंद ठेवावी आणि ती जपावी, हा आदेश काढायला समिती लागत नाही, पैसाही फारसा लागत नाही. तो याच वर्षी निघाला पाहिजे.